कारण लिहिलेलं नाही

चिमीला आज खुर्चीत बसवेना. एकदा पाणी पिऊन आली, एकदा उगाचच मागच्या कपाटाचं दार लावून आली, तरी डॉक्टरांना विचारायची तिची परत आलेली क्वेरी पडद्यावर तशीच होती. चाळिशी ओलांडली तरी घरचे तिला चिमीच म्हणत, पण इथे हॉस्पिटलच्या तळमजल्यावर, रेकॉर्ड विभागात, ती सीनियर कोडर होती. वर डॉक्टर रोगाचं नाव लिहीत आणि खाली ती त्या नावाला अक्षर-आकड्यांचा कोड लावी.

आजची फाईल गाऊटची, म्हणजे सांधे सुजवणाऱ्या वाताची. जुनाट, उजव्या पायाचा, दुसऱ्या कुठल्या तरी आजारामुळे झालेला. डॉक्टरांनी इतकं सगळं लिहिलं होतं. तो दुसरा आजार कोणता, एवढंच लिहायचं राहिलं होतं. मेख नेमकी तिथेच. अशा गाऊटला एकट्यानं यायची परवानगी नाही. आधी मूळ आजाराचा कोड, त्याच्यामागे गाऊटचा. मूळ आजार लिहिलेला नसेल तर कोडरनं आपल्या मनानं घालायचा नाही, डॉक्टरांना विचारायचं. चिमीनं विचारलं होतं, 'हा गाऊट मूत्रपिंडाच्या त्रासामुळेच आहे ना?' रिपोर्टात एक आकडा जरासा वर दिसला होता, तेवढ्यावर.

क्वेरी वर जाण्याआधी तपासणाऱ्या विभागप्रमुख मॅडमनी तिला टेबलाशी बोलावलं.

"अहो, तुम्ही विचारताय की सही मागताय?"

"म्हणजे?"

"उत्तर प्रश्नातच घालून पाठवलंत. डॉक्टर घाईत असतात, 'हो' म्हणून मोकळे होतील. कारण काय, एवढंच विचारायचं आणि गप्प बसायचं. तुम्हाला हे सांगायला लागावं?"

चिमीचा चेहरा पडला. नव्या पोरींना हेच तर ती घसा कोरडा करून शिकवायची. तिनं सगळं पुसलं आणि एकच ओळ लिहिली, 'कारण कृपया स्पष्ट करावे.'

जेवणाच्या सुट्टीआधी उत्तर आलं. मूत्रपिंडाचा काडीचाही संबंध नव्हता. आजार रक्ताचा होता. शरीर लाल पेशी गरजेपेक्षा जास्त बनवत होतं, त्यापायी युरिक ॲसिड वाढत होतं आणि सांध्यात जाऊन साचत होतं. कोड पक्का करायला तिनं नोंदी पुन्हा चाळल्या. चेहरा कायम लालबुंद. डोकं जड. गरम पाण्यानं आंघोळ केली की अंगभर खाज.

हा तर हुबेहूब दादा.

दादा म्हणजे तिचा थोरला भाऊ. चपला-बुटांचं दुकान चालवायचा. गिऱ्हाइकाचा पाय नुसता बघून माप सांगणारा हा माणूस स्वतः उजव्या पायात पुढून कापलेली रबरी सपात घालून फिरायचा, कारण गाऊटनं सुजलेल्या अंगठ्याला साधं पांघरूण लागलं तरी तो कळवळायचा. आणि घरचे तरी कसले! आई विचारणार, 'काल काय खाल्लंस?' वहिनी विचारणार, 'कोणाबरोबर बसला होतात?' चिमी तर सगळ्यांच्या वरताण. 'टोमॅटो झालाय नुसता, किती ढोसलीस?' आंघोळीनंतर दादा दाराच्या चौकटीला पाठ घासायचा, म्हणून तिनंच त्याचं नाव 'म्हैस' ठेवलं होतं. तो हसून कान पकडायचा. महिन्या-दीड महिन्यानं माल आणायला घाऊक बाजारात जायचा आणि पार गळून परत यायचा, तेव्हा तर बाहेर खाणं-पिणं झालं याची सगळ्यांना खात्रीच.

त्या दुपारी चिमीनं उजव्या पायाला डाव्या पायाचा कोड लावला, आणि तो दुरुस्त करताना दुसराच बिघडवला. तिचा जीव थाऱ्यावर नव्हता. आपण काय डॉक्टर आहोत? लक्षणं जुळवून रोग ठरवायचा नाही, हीच तर आपली भाकरी. पण खरं निघालं तर? आणि त्याला पत्ताच नसेल तर? शेवटी डोकं दुखतंय असं खोटंच सांगून ती लवकर निघाली आणि थेट माहेरी गेली.

वहिनी दुकानात होती. आई स्वयंपाकघरात बिनमिठाचं काहीतरी शिजवत होती. दादा स्टुलावर पाय टाकून बसला होता.

"या बाईसाहेब. आज वेळेआधी? नोकरीवरून काढलं की काय?"

'तुला रक्ताचा आजार आहे ना?' हे वाक्य चिमीच्या अगदी ओठांवर आलं. तिनं ते गिळलं.

"दादा, हे तुला कशामुळे होतं रे?"

एवढंच विचारलं आणि ती गप्प बसली. गप्प बसणं तिला जन्मात जमलं नव्हतं, पण बसली. दादानं हसायला तोंड उघडलं, मिटलं. स्वयंपाकघराकडे पाहिलं.

"असं कोणी विचारलंच नाही आजवर," तो हळूच म्हणाला. "जो तो काय खाल्लंस तेच विचारतो."

मग त्यानं शर्टाची बाही वर केली. कोपराच्या आतल्या बाजूला सुयांचे जुने-नवे डाग होते.

"रक्तात बिघाड आहे. वर्ष होऊन गेलं. माल आणायला जातो म्हणतो ना, तेव्हा दवाखान्यात जातो. पिशवीभर रक्त काढून घेतात, म्हणजे दाट होत नाही."

"आणि वहिनीला?"

"कोणालाच नाही."

"पण का?"

आत झाकण वाजलं. दादानं हनुवटीनं तिकडे खूण केली.

"बाबांच्या शेवटच्या आजारात तिला करण्यासारखं काही नव्हतं. दवाखान्याच्या बाकावर नुसती बसून राहिली. आता निदान मला शिव्या घालते, डाळी लपवते, भाज्या उकडते. खाण्यामुळे आहे म्हटलं की तिच्या हातात काहीतरी राहतं, चिमे. रक्ताचं म्हटलं तर ती काय करणार?"

"एकटाच जातोस?"

"येताना जरा गरगरतं. बसतो थोडा वेळ स्टँडवर."

चिमीला त्याचा भयंकर राग आला आणि त्याहून जास्त स्वतःचा. "मला तरी सांगायचंस!"

"तू तर सगळ्यात जास्त हसायचीस," दादा म्हणाला. "म्हटलं, घरात कोणीतरी हसतंय, हसू दे."

तिला हुंदका आवरेना. तोंडावर पदर दाबून तिनं कसाबसा आवाज काढला. "वहिनीला आज सांगायचं. नाहीतर मी सांगेन."

"सांगतो. पण आईला..."

आई वाटी घेऊन बाहेर आली. "काय कुजबुज चाललीय? काय खाल्लं म्हणतो?"

दादानं बाही झटकन खाली ओढली आणि चिमीकडे विनवणीनं पाहिलं. तसा तो आयुष्यात कधी कोणासमोर गयावया करणारा नव्हता.

"कुठे कबूल करतोय?" चिमी नाक ओढत म्हणाली. "आता माल आणायला निघाला की मी बरोबर जाणार आहे. दर वेळी."

"जाच," आई म्हणाली. तिनं वाटी दादासमोर ठेवली आणि त्याचा पाय अलगद उचलून खाली उशी सारली. "आणि तिथे बाकावर हात धरून बस त्याचा. अजिबात सोडू नकोस."