पुसलेलं रीळ

मी टेपचं एक जुनं रीळ आहे, मित्रांनो, आणि माझ्या पोटात एक मेलेली बाई बोलते. भ्यायचं तर खुशाल भ्या. पण तिच्यापेक्षा तिला पुसणाऱ्यांना भ्या.

गुलमंडीच्या बाजारपेठेत एका कापडदुकानाच्या माडीवर फारूखभाईंची 'कहकशा कॅसेट' होती. कंपनी कसली, एक खोली, एक माईक, आणि रस्त्याचा गलका आत येऊ नये म्हणून भिंतींना ठोकलेल्या गाद्या. मोठ्या कंपन्या ज्यांना दारात उभं करत नव्हत्या, ते इथं येऊन गायचे. पाचोडच्या बाजारात भाजी विकणारी भागूबाई अशीच आली. तिची हळदीची गाणी आधी माझ्यावर भरली, मग माझ्यावरून कॅसेटी निघाल्या. त्या गावोगावच्या मांडवांत वाजल्या आणि तिथंच झिजून, गुंतून संपल्या. तेव्हा फारूखभाई मला मऊ फडक्यात गुंडाळून ठेवायचे.

पुढं नवं रीळ मिळेना आणि लग्नसराई तोंडावर आली. बँडवाल्यांची गाणी भरायची होती.

"भागूबाई कुठं पळते? पुढच्या महिन्यात फिर से गवा लेंगे," फारूखभाई म्हणाले.

गाणाऱ्या बाईचा गळा म्हणजे जणू फुकटचा नळ! मला पुसलं, वर बँड भरला. महिना उलटायच्या आत भागूबाई तापानं गेली.

मशीनचा पुसायचा भाग मात्र झिजलेला होता. दोन गाण्यांच्या मधे बँड थांबला, की खालून ती कुजबुजायची. गिऱ्हाईकं म्हणायची, "भाई, टेप में कोई औरत है." भाई हसून सोडून द्यायचे.

कंपनी बुडाली. मी पलंगाखाली गेलो. वर्षानुवर्षं अंधारात ती बोलायची, मी ऐकायचो.

गेल्या उन्हाळ्यात बजाजनगरहून करुणा आली. भागूबाईची मुलगी.

"चाचा, माझ्या पोरीचं लगीन हाय. हळदीला तिच्या आजीचं गाणं लावायचंय. आन् खरं सांगू? मलाच माईचा आवाज ठाव नाय. अंगावर पीत होते तवा गेली ती."

म्हाताऱ्या फारूखभाईंची मान खाली गेली. "गाना नहीं रहा, बेटी. मीच पुसलं."

"पुसलं? पाटी व्हती का ती?"

भाईंनी मला पलंगाखालून काढून मशीनवर चढवलं. बँड वाजला, थांबला. नुसती खरखर. आणि त्या खरखरीतून भागूबाई आली. गात नव्हती, कुणाला तरी दटावत होती.

"गप गं करुणे! एवढं एक गाऊ दे, मग पाजते तुला."

करुणा मशीनजवळ सरकली. मग म्हणाली, "परत लावा."

"टेपची पट्टी सुकलीय, बेटी. ही बघ, भुकटी गळतेय. हर बार थोडी आवाज भी झड जाती है."

"मग काय, परत पलंगाखाली ठेवता? माझ्याशी बोलतीय ती, चाचा. लावा!"

भाईंनी टेप लावली, तिनं आवाज भरून घ्यायला मोबाईल पुढं धरला. त्यात फक्त पंख्याची घरघर आली. पुन्हा लावलं, तेव्हा भागूबाई "गप गं" एवढंच म्हणाली. त्यानंतर काहीच नाही. तरी करुणा मशीनला कान लावून बसूनच राहिली.

मित्रांनो, आता मला फडक्यात गुंडाळून काही उपयोग नाही. तुमच्या घरात कुणी बाई गात असेल, तर ती जिवंत आहे तोवर ऐका. मेल्यावर ती माझ्यासारख्याच्या हवाली होते, आणि आम्हाला कुणीही पुसतं.