तेक-सूचा आवाज

माझ्या दादाचं, तेक-सूचं, नाव कुणाला आठवत नसे. चेहरा मात्र अख्ख्या देशाला पाठ. सिनेमात आणि मालिकांत बत्तीस वर्षं तो कधी फौजदार झाला, कधी राजवाड्यातला खोजा, कधी खाष्ट सासरा. आमच्या मोकपो बंदरातल्या मासळी बाजारात बायका मला अडवायच्या, "अगं ओक-बुन, तुझा तो मेला भाऊ सुनेला घरात घेणार आहे की नाही?"

आमच्या आईला दिसत नव्हतं. तिने दादाचं एकही काम पाहिलं नाही, सगळी ऐकली. प्रत्येक भूमिकेला तो आवाज बदलायचा, आणि आई दोन वाक्यांत ओळखायची. "हा तोतरा न्हावी ना, हाच आपला तेक-सू!" कधी चुकली नाही.

सासऱ्याची ती मालिका अर्ध्यावर असताना दादाच्या घशात कर्करोग निघाला. डॉक्टरांनी स्वरयंत्रच काढून टाकलं. "आईला कळता कामा नये," हे ऑपरेशनच्या आदल्या दिवशी तो मला म्हणाला. मी ऐकलेलं त्याचं ते शेवटचं बोलणं.

दोन महिन्यांनी तो कामावर परतला. गळ्याला मफलर गुंडाळून नुसते ओठ हलवायचा. आवाज एका नकलाकाराचा भरायचे. नक्कल इतकी हुबेहूब होती की बाजारात कुणाला पत्ता लागला नाही.

आई मात्र पहिल्याच भागाला ताठ बसली.

"हा कोण गं?"

"दादाच की."

"मला शिकवतेस? फोन लाव त्याला."

मी लावला. पलीकडे कुणीतरी उचलला. आई म्हणाली, "तेक-सू? बोल रे. रागावलायस का? शिवी दे हवी तर, पण बोल." बराच वेळ फोनमध्ये नुसती घरघर येत राहिली.

दुसऱ्या दिवशी दुपारी तो दारात उभा. आईने त्याचा चेहरा चाचपला. कपाळ, गाल, हनुवटी. मग मफलरखाली हात गेला आणि गळ्यातल्या भोकापाशी थांबला.

"इथून श्वास घेतोस?"

दादाने मान हलवली.

"वारा लागेल रे," म्हणत तिने मफलर पुन्हा नीट गुंडाळला. तिच्या मांडीवर डोकं ठेवून तो रडला. खांदे गदगदत होते, बाकी खोलीत काही ऐकू येत नव्हतं.

मालिका संपल्यावर त्याला बिनबोलाची कामं मिळू लागली. दारावरचा पहारेकरी, दवाखान्यातला रोगी. आई अजूनही टीव्हीपुढे बसायची. "दिसला की सांग हं," म्हणायची, आणि मी सांगायचे.

ती गेली त्या हिवाळ्यात एका लढाईच्या मालिकेत तो होता. चिखलात, इतर प्रेतांमध्ये. शिपाई त्याला ओलांडून पळत होते.

"दिसला गं, आई."

"काय करतोय?"

"झोपलाय."

"दमला असेल," ती म्हणाली. "टीव्हीचा आवाज कमी कर."