एका बियाण्याची सहा नावं

महादेवी तोंडारे लातूरजवळच्या एका शेतकी महाविद्यालयाच्या ग्रंथालयात सहायक ग्रंथपाल होती. नोकरीला सतरा वर्षं झालेली. कोण पुस्तक शोधायला आलंय आणि कोण पंख्याखाली डुलकी काढायला, हे तिला दारातूनच कळायचं. पण त्या ऑगस्टमध्ये रोज साडेदहाला येऊन खिडकीजवळच्या संगणकावर बसणारी एक मुलगी काही तिला उमगत नव्हती.

मुलीचं नाव मेस्केरेम डेस्टा. इथिओपियाहून शिष्यवृत्तीवर पीएच.डी. करायला आलेली, वय सत्तावीस-अठ्ठावीस. ओळखपत्रावर 'आडनाव' म्हणून डेस्टा छापलेलं, त्यामुळं सगळं कॉलेज तिला डेस्टा मॅडम म्हणे. डेस्टा हे तिच्या वडिलांचं नाव होतं. तिच्या देशात आडनावच नसतं. पण हे कोणी विचारलं नव्हतं आणि तिनंही सांगितलं नव्हतं. ती यायची, तासभर काहीतरी टाइप करायची, वहीत एक रेघ ओढायची आणि निघून जायची. तीन आठवड्यांत तिनं एकही पुस्तक घरी नेलं नव्हतं.

एका मंगळवारी महादेवी मुद्दाम तिच्या खुर्चीमागं जाऊन उभी राहिली. पडद्यावर 'नूग' असा शब्द इंग्रजी अक्षरांत टाइप केलेला होता आणि खाली ओळ होती – एकही नोंद सापडली नाही.

"काय शोधायलीस?" महादेवीच्या तोंडून आधी मराठीच निघालं. मग तिनं तेच इंग्रजीत विचारलं. दोघींचं इंग्रजी आपापल्या गावचं, त्यामुळं पहिली दहा मिनिटं हातवाऱ्यांतच गेली. पण हळूहळू गोष्ट कळली. नूग हे तेलबियांचं पीक. मेस्केरेमचे वडील गोज्जाम भागात तेच पिकवायचे. हीच वनस्पती भारतातही आहे असं तिनं कुठंतरी वाचलं होतं आणि दोन्हीकडच्या वाणांची तुलना करायची म्हणून ती इतक्या लांब आली होती. शास्त्रीय नाव टाकूनही इथल्या संगणकानं काही दाखवलं नव्हतं. इथं सल्लागार समितीनं तिला सांगितलं होतं, की या भागात हे पीक घेतलं जात होतं याचा एक तरी पुरावा आण. पंचवीस सप्टेंबरपर्यंत नाही मिळाला, तर सोयाबीनवर काम कर.

"मग मला का नाही विचारलंस?"

मेस्केरेम गोंधळली. "विचारायचं असतं?"

तिच्या आधीच्या कॉलेजात पुस्तकं भिंतीपलीकडं असायची. खिडकीतून चिठ्ठी आत द्यायची, आतला माणूस पुस्तक आणायचा किंवा नाही म्हणायचा. नाही म्हटलं की विषय संपला. "इथं संगणक नाही म्हणतो," ती म्हणाली. मग हळूच म्हणाली, "आणि पहिल्या दिवशी मी काउंटरवर बोलले, तेव्हा कोणीतरी हसलं."

महादेवीचा चेहरा उतरला. त्या दिवशी काउंटरवर मल्लेश होता, ग्रंथालयाचा परिचर, देगलूरकडचा. तो हसला होता आणि शेजारी उभ्या महादेवीनं ते पाहून न पाहिल्यासारखं केलं होतं.

"फुलाचा फोटो हाय का?" तिनं विचारलं.

मेस्केरेमनं मोबाइलवर दाखवला. पिवळं फूल. पिवळी फुलं पायलीला पन्नास; महादेवीला काही ओळखता येईना. तेव्हा मेस्केरेमनं पर्समधून एक छोटी पुरचुंडी काढली. येताना आईनं भाजून दिलेले दाणे होते, काळे, बारीक, चकचकीत. तोंडात टाकायला दिलेले, पण संपतील म्हणून ती ते खातच नव्हती. महादेवीनं चिमूट तळहातावर घेतली, वास घेतला आणि वाचनकक्षातली मुलं मान वर करून बघतील इतक्या मोठ्यानं म्हणाली,

"अगं माय, हे तर कारळं!"

दुपारच्या सुट्टीत तिनं डबा उघडला आणि भाकरीवर कारळ्याची चटणी घालून मेस्केरेमसमोर धरली. मेस्केरेमनं एक घास खाल्ला, मग उरलेली भाकरी संपवली. डोळे पुसले. "तिखट आहे," ती म्हणाली. पण ते तिखटामुळं नव्हतं, हे महादेवीला दिसत होतं.

त्या दुपारी दोघी संगणकाला चिकटून बसल्या. 'कारळ' टाकल्यावर दोन पुस्तकं निघाली. घाटावर याला खुरासणी म्हणतात हे महादेवीला ठाऊक होतं. त्या शब्दाखाली आणखी तीन निघाली. तिच्या माहेरी, उदगीरच्या पलीकडं, घरात कानडी बोलत. तिची आई याला गुरेळ्ळु म्हणायची. तेवढ्यात मागून मल्लेश पुढं आला. तो केव्हापासून कपाटाआड उभा होता कोण जाणे.

"आमच्याकडं तेलुगूत वेर्री नुव्वुलु म्हणतात," तो म्हणाला. मग मेस्केरेमकडं न बघता महादेवीला म्हणाला, "मॅडम, यांना सांगा. त्या दिशी मी हसलो, ते यांना नव्हतो हसलो. मला इंग्रजी येत न्हाई, अन् काय बोलावं ते सुचंना. चूक झाली."

महादेवीनं शब्दन् शब्द सांगितला. मेस्केरेमनं उठून मल्लेशशी हात मिळवला. त्यानं तो दोन्ही हातांत धरला आणि घाईघाईनं कामाला निघून गेला.

पाच पुस्तकं मिळाली, पण एकातही मराठवाड्याचा उल्लेख नव्हता. महादेवीला आता चैन पडेना. तिला तळघरातली खोकी आठवली. बंद पडलेल्या एका सरकारी शेती कार्यालयाचं दप्तर वीस वर्षांपूर्वी कॉलेजकडं आलं होतं. त्यातले निजामाच्या काळातले शेतकी अहवाल उर्दूत, म्हणून कोणी त्यांची नोंदच केली नव्हती. ती ग्रंथपाल भुजंगराव कदमांकडं गेली.

भुजंगराव नियमाचे पक्के. "नोंद नसलेलं पुस्तक वाचकाच्या हातात देता येत नाही, बाई."

"मग नोंद करू, सर. तोही नियमच हाय की."

"अहो, आपल्याला दीड हजार पोरं आहेत. एका परदेशी मुलीसाठी सगळं ग्रंथालय कामाला लावायचं का? आणि उर्दू वाचणार कोण?"

"तिच्यासाठी नाही, सर. वीस वर्षं आपल्याच घरात काय पडलंय ते आपल्यालाच ठाऊक न्हाई. ती आली म्हणून निदान कळंल तरी. अन् वाचायला माझे सासरे येतील."

भुजंगरावांनी खणातून तळघराची किल्ली काढून टेबलावर ठेवली.

शरणप्पा तोंडारे हे तिचे चुलत सासरे, नव्वदीला टेकलेले. उदगीरच्या आडत बाजारात त्यांचा तेलबियांचा व्यवहार होता. त्यांचं शाळेतलं सगळं शिक्षण उर्दूतून झालेलं आणि अजूनही रोज उर्दू पेपर वाचल्याशिवाय त्यांना चहा गोड लागत नसे. सून न्यायला आली तेव्हा ते इस्त्रीचं धोतर नेसून, भस्म लावून, भिंग खिशात घालून ओट्यावर तयार बसले होते.

तीन दिवस ते तळघराच्या दाराशी टेबल मांडून बसले. ते शीर्षक वाचत, महादेवी नोंद लिही, मल्लेश धूळ झटकून क्रमांक चिकटवी आणि मेस्केरेम ओळीनं मांडून ठेवी. शरणप्पांना इंग्रजी येत नव्हतं, मेस्केरेमला मराठी. तरी दुसऱ्या दिवशी ती त्यांना 'मामा' म्हणू लागली, आणि महादेवीला 'अक्का'. डेस्टा हे आपल्या वडिलांचं नाव, हे तिनं तिथंच सांगितलं आणि महादेवीनं ते भुजंगरावांच्या कानावर घातलं.

तिसऱ्या दिवशी दुपारी शरणप्पांचा आवाज चढला. "सूनबाई! रामतिल! हे बघ, रामतिल लिवलंय!"

"रामतिल म्हणजे, मामा?"

"कारळंच ते! सरकारी कागदात रामतिल म्हणायचे." त्यांचं बोट ओळीवरून उजवीकडून डावीकडं सरकत होतं. "नांदेड जिल्हा… भोकरचा इलाखा… डोंगराकडची जमीन हलकी, तिथं लोक रामतिल पेरतात. गावांची नावं बी दिली हायेत. चार गावं."

मेस्केरेमला शब्द कळले नाहीत, पण महादेवीचा चेहरा बघून ती उठून उभी राहिली. मल्लेशच्या हातातला झाडू गळून पडला.

पंचवीस सप्टेंबरला समिती बसली. अध्यक्ष डॉ. श्रीशैल उटगे यांनी अहवाल उलटून पाहिला, शरणप्पांनी सांगितलेला आणि महादेवीनं लिहून दिलेला तर्जुमा दोनदा वाचला. "शाबास," ते म्हणाले. मग चष्मा काढला. "पण हा कागद ऐंशी वर्षांपूर्वीचा आहे. आता सगळीकडं सोयाबीन आणि कापूस. इथलं जुनं बियाणंच उरलं नसेल, तर तू तुलना कशाशी करणार? महिनाभर देतो. बी घेऊन ये."

मेस्केरेम बाहेर आली ती हरल्यासारखी. महादेवी पायरीवर वाटच पाहत होती. सगळं ऐकून ती म्हणाली, "रविवारी सुट्टी हाय. आपण जाऊ."

ऑक्टोबरच्या पहिल्या रविवारी दोघी पहाटेच्या एसटीनं नांदेडला आणि तिथून भोकरला पोचल्या. रिक्षा ठरवून एकेक गाव पाहिलं. पहिल्या गावात लोकांनी मान हलवली. दुसऱ्या गावात एक म्हातारा म्हणाला, होतं खरं, पण त्याच्या बापाच्या काळात. तिसऱ्या गावाचं आता नावच बदललेलं, कारळं तर कोणाच्या आठवणीतही नव्हतं. ऊन डोक्यावर आलं. जिथं बघावं तिथं कापसाची बोंडं.

चौथ्या गावात पारावर बसलेल्या माणसानं डोंगराकडं बोट दाखवलं. "कारळं? ते केवळाबाईच्या वावरात असंल. सगळ्यांनी सोडलं, बुढी सोडंना."

पाऊलवाटेनं चढून वर गेल्या तर समोर उतारावर अख्खी पट्टी पिवळी झालेली. वाऱ्यानं हलणारी कंबरभर उंचीची झाडं आणि मधमाश्यांचा घोंघावता आवाज. मेस्केरेमनं चपला बांधावर काढल्या आणि धावत सुटली. पिकाच्या मधोमध उभी राहून ती तिच्या भाषेत मोठ्यानं काहीतरी ओरडली, हसली, परत ओरडली.

"अक्का! आमच्याकडं पाऊस संपला की माळ असेच पिवळे होतात. त्या महिन्याचं नाव मेस्केरेम. माझं नाव ह्याचंच आहे!"

बांधावर निंदत बसलेली एक बाई उठली. डोक्यावर पदर, हातात खुरपं, सत्तरीची असेल. "कोन गावचे माय तुमी? अन् ही लेक कुठली, येवढी हरकून गेली?"

महादेवीनं सगळं सांगितलं. समुद्रापलीकडच्या देशात हेच पीक होतं, हे केवळाबाईला आधी खरं वाटेना. मग मेस्केरेमनं मोबाइलवर वडिलांच्या शेताचा फोटो दाखवला. केवळाबाईनं तो डोळ्यांजवळ धरून निरखला.

"हाव गं माय! पान बी तसंच, फूल बी तसंच." तिनं मेस्केरेमचं मनगट धरून तिला खाली बसवलं. "सोयाबीन इकायला. हे आपल्याला खायला. माझ्या सासूनं दिल्तं मला हे बी, तिला तिच्या सासूनं. पोरं म्हणत्यात, बंद कर. मी न्हाई करत."

घरी नेऊन तिनं दोघींना जेवू घातलं आणि गाडग्यातलं मागच्या साली राखलेलं बी फडक्यात बांधून दिलं. महादेवीनं पैसे काढायला पर्स उघडली तर ती रागावलीच. "बियाचं मोल करत्यात व्हय? नाव ध्यानात ठेवा म्हंजे झालं."

मेस्केरेमनं तिथंच वहीत वाणाच्या जागी लिहिलं – केवळाबाई, भोकर.

महिनाअखेरीस समिती पुन्हा बसली. या वेळी भुजंगराव स्वतः ग्रंथालयाच्या वतीनं हजर होते आणि अहवालाचा खंड त्यांनी स्वतःच्या हातांनी आणला होता. उटगे सरांनी फडक्यातलं बी तळहातावर ओतलं, बोटानं पसरलं, शेतातले फोटो पाहिले.

"हे शेत कुठल्या डेटाबेसवर सापडलं?" त्यांनी विचारलं.

"डेटाबेसवर नाही, सर," मेस्केरेम म्हणाली. "ग्रंथालयात."

उटगे सर हसले. "विषय मंजूर. आणि सोयाबीनचं नाव आता माझ्यासमोर काढू नकोस."

ती धावत ग्रंथालयात आली. 'शांतता राखा' अशी पाटी असलेल्या वाचनकक्षात तिनं दारातूनच मराठीत आरोळी ठोकली, "अक्का, मंजूर!" कोणी तिला गप्प केलं नाही. परीक्षेचा अभ्यास करणारी पोरं उठून टाळ्या वाजवू लागली. मल्लेश बाजारातून जिलेबी घेऊन आला. मागून आलेल्या भुजंगरावांनी काउंटरवर उभं राहून सांगितलं, की प्रत्येक पिकाची सगळ्या भाषांतली नावं संगणकावर चढवायचं काम सोमवारपासून सुरू होईल आणि ते महादेवीबाई बघतील. परदेशी विद्यार्थ्यांसाठी रोज दुपारी दोन तास एक टेबल राखून ठेवलं जाईल. "अन् ओळखपत्रं परत छापा," ते म्हणाले. "ज्यानं त्यानं सांगावं, आपलं नाव कोणतं."

दिवाळीपर्यंत त्या टेबलावर नेपाळचा एक मुलगा आणि अफगाणिस्तानचे दोघं रोज बसू लागले होते.

पुढच्या वर्षी कॉलेजच्या प्रक्षेत्रावर दोन वाफे शेजारी शेजारी फुलले. एक परवानगी घेऊन गोज्जामहून मागवलेल्या बियाण्याचा, दुसरा भोकरच्या. शिवार फेरीच्या दिवशी महादेवी गाडी पाठवून केवळाबाईला घेऊन आली. विद्यार्थी, प्राध्यापक, आसपासच्या गावांतले शेतकरी अशी दोनशे माणसं जमली होती. शरणप्पांना खुर्ची दिली होती, पण ते बसायला तयार नव्हते. वाफ्याच्या कडेला पाटी होती, तिच्यावर वाणाचं नाव ठळक लिहिलेलं. केवळाबाईला वाचता येत नव्हतं; मेस्केरेमनं तिचं बोट अक्षरांवरून फिरवत मराठीत वाचून दाखवलं.

"माझं नाव?" केवळाबाईनं विचारलं.

"तुमचं नाव. पुस्तकात पण तेच छापणार."

केवळाबाईनं पदर सावरला, ताठ झाली आणि दोन्ही वाफ्यांमधून सावकाश चालत गेली. इकडचं एक बोंड चुरगाळलं, तिकडचं एक. उटगे सर वही उघडून तिच्या मागं मागं चालत होते.

"कसं वाटतंय, आजी?" त्यांनी विचारलं.

"ह्या लेकीच्या देशातलं उंच झालंय," सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात ती म्हणाली. "लई देखणं हाय. पन दाना माझ्याचाच भरलाय!"

सगळं शिवार हसलं आणि सगळ्यांत मोठ्यानं मेस्केरेम हसली.