घराकडे धावणारी मुलगी

मी एक जुनी स्लाइड आहे. म्हणजे काय, ते तुमच्या आजीला विचारा. आईबाबांना कदाचित सांगता येणार नाही. पुठ्ठ्याच्या चौकटीत बसवलेला फिल्मचा तुकडा, खिशात मावेल एवढा. पण मित्रांनो, प्रोजेक्टरच्या दिव्यासमोर उभी राहिले की मी अख्खी भिंत व्यापत असे.

मला जन्म दिला बाईंनी. बाई कॉलेजच्या कला विभागात कलेचा इतिहास शिकवायच्या. त्यांची आई चित्रकार होती. तिने आपल्या घराच्या भिंतीवर एक मुलगी रंगवली होती, केस विस्कटलेली, एका पायातली चप्पल निसटलेली, धावत सुटलेली. ती मुलगी म्हणजे लहानपणीच्या बाईच. चित्राच्या उजव्या हाताला घराचं खरंखुरं दार होतं आणि मुलगी त्या दाराकडे धावत होती. रस्ता रुंद करायला ते घर पाडायचं ठरलं, तेव्हा बाईंनी घाईघाईने फोटो काढला. दार काही त्यात मावलं नाही. मग भिंत जमीनदोस्त झाली आणि ती मुलगी उरली फक्त माझ्यात.

बाईंनी माझ्या चौकटीच्या कोपऱ्यात लाल ठिपका लावला. तो अंगठ्याखाली धरून मला यंत्रात सरकवलं की चित्र सुलट पडायचं. दर वर्षी नव्या वर्गाला त्या विचारायच्या, "पोरांनो, ही कुठे निघालीय?" कुणी म्हणे खेळायला, कुणी म्हणे पळून. बाई हसून सांगायच्या, "घरी चाललीय. दारात आई उभी आहे, तुम्हाला दिसत नाही एवढंच." तेव्हा मी काय मिरवायचे! बाकीच्या स्लाइड्स माझ्यावर जळायच्या. मात्र बाईंचा अंगठा इतक्या वेळा फिरला की ठिपका पुसून गेला. त्यांना त्याची गरजच नव्हती.

बाई निवृत्त झाल्या आणि विभागात स्कॅनर आला. रोज शेकडो स्लाइड्स उरकायच्या होत्या. यंत्रावरच्या माणसाने मला उचललं, ठिपका शोधला, खांदे उडवले आणि घातलं आत, उलटं. डाव्याचं उजवं झालं. आम्हाला खोक्यात कोंबून टेबलाखाली ढकललं, आणि ती उलटी मुलगी पुस्तकांत गेली, फोनवर गेली, जगभर गेली. कुणीतरी नकाशावरून ते पाडलेलं घर कॉम्प्युटरवर पुन्हा उभं केलं. दार अगदी जागच्या जागी. फक्त मुलगी दाराकडे पाठ करून पळत होती. खाली लिहिलं होतं, 'घर सोडून जाणारी मुलगी'.

परवा बाई काठी टेकत विभागात आल्या. विभागप्रमुख सर त्यांचेच जुने विद्यार्थी.

"अरे, चित्र उलटं आहे," बाई म्हणाल्या.

"बाई, सगळीकडे असंच आहे हो."

"सगळीकडे एकाच चुकीची नक्कल आहे. माझी स्लाइड काढ, दाखवते."

"त्या स्लाइड्स केव्हाच भंगारात गेल्या."

सरांचे पाय तेव्हा माझ्याच खोक्यावर होते. मी जिवाच्या आकांताने ओरडले असते, पण स्लाइडला कुठलं तोंड?

सरांनी आवाज मऊ केला. "घरी चाललीय, असं तुम्ही सांगायचात. आईची लेक म्हणून तुम्हाला तसंच वाटणार. पण इतकी वर्षं झाली, बाई. तुम्हाला नीट आठवतंय ना?"

बाई स्क्रीनकडे बघत राहिल्या. त्यांनी उजवा हात उचलला, मग डावा. अंगठा नुसताच हवेत फिरला.

"दार... या बाजूला होतं ना रे?" त्यांनी सरांनाच विचारलं.

बाईंनी चष्मा पुसला, "राहू दे," म्हणाल्या आणि गेल्या. मला इतकं रडू कधी आलं नव्हतं.

मित्रांनो, उद्या भंगाराची गाडी येणार आहे. मला वाचवा असं मी म्हणत नाही. बाईंचीच खात्री गेली, तर मला कोण विचारणार? माझ्यातली मुलगी अजून बरोबर दिशेने धावते आहे, पण तिच्यामागे दिवा लावणारं कुणी उरलं नाही. तुमच्या घरी एखादा जुना फोटो असेल, तर त्यातलं माणूस जवळ आहे तोवर त्याला विचारून ठेवा, दार कुठल्या बाजूला होतं.