विदोसावाची बाजू

मित्रांनो, सर्बियातल्या होमोल्ये डोंगरात एक लहानसे कबरस्तान आहे. तिथे तिसऱ्या रांगेत उभा असलेला पिवळट दगड म्हणजे मी. आज तुम्ही मला शांत पाहता, पण एके काळी मी भलताच गर्विष्ठ होतो. ती खोड माझ्या अंगातून छिन्नीनेच काढावी लागली.

१९७४ साली मिलुन नावाचा लाकूडतोड्या झाड अंगावर पडून गेला. त्याच्या वडिलांनी मला खाणीतून आणवले आणि वुकाशिन पाथरवटाच्या अंगणात उभे केले. मिलुनची बायको विदोसावा तेव्हा चौतीस वर्षांची होती. आमच्याकडे नवरा गेला की त्याच दगडावर बायकोचेही नाव आणि चेहरा कोरून ठेवतात. फक्त मृत्यूचे साल तेवढे मोकळे सोडतात.

मिलुनचा म्हातारा बाप म्हणाला, "दोघांचंही एकदमच उरकून टाक वुकाशिन. परत परत कोण येरझाऱ्या घालणार?"

"सालाचे पहिले दोन आकडेही कोरून ठेवतो," वुकाशिन म्हणाला. "एकोणीसशेच्या पुढे कोण जातंय! दोन हजार साल बघितलंय कुणी?"

म्हणून माझ्या उजव्या अंगावर विदोसावाचे नाव आले, जन्माचे साल आले आणि पुढे १९ हा आकडा व थोडी जागा. चेहरा मिलुनला पुरले त्या दिवशीच्या फोटोवरून कोरला. काळा रुमाल, खाली गेलेली नजर, घट्ट मिटलेले ओठ. काम इतके सुबक झाले की शेजारच्या गावांतून लोक मला पाहायला येत. मला वाटे, खरी विदोसावा ती माझ्यावरच आहे. गावात हिंडते ती तिची कच्ची नक्कल.

ती नक्कल दर शनिवारी बादली घेऊन यायची. मला घासूनपुसून धुवायची, मग मिलुनच्या बाजूला बसून त्याला आठवड्याची हालहवाल सांगायची. दिवस जात गेले तशी ती बदलत गेली. तिने मधमाश्या पाळल्या. ट्रॅक्टर शिकली आणि तिसऱ्याच दिवशी सरपंचाच्या कुंपणावर घातला. काळे कपडे सोडले. लग्नाकार्यात तिचे हसणे वर टेकडीपर्यंत ऐकू यायचे, आणि मला ते अजिबात आवडायचे नाही.

तिची जाऊ पेरुनिका तर एकदा माझ्यासमोरच तिला म्हणाली, "दगडावर बघ, किती शोभतेस. आणि ही तुझी तऱ्हा! कबरीवर नाव कोरलेल्या बाईनं असं नाचायचं असतं का?"

"मग जेवायला त्या दगडालाच बोलवत जा," विदोसावा म्हणाली. "खातो पण कमी."

मला तेव्हा पेरुनिकेचेच पटले होते, हे लाज वाटत असूनही कबूल करतो.

मग दोन हजार साल उजाडले. विदोसावा साठीला आली होती आणि चांगली ठणठणीत होती. गावातल्या टवाळांना आयताच विषय मिळाला. "विदोसावा, मुदत संपली की गं तुझी! वर वाट बघतायत!" ती त्यांच्याबरोबर हसली. पण त्या शनिवारी मला धुताना ती मध्येच थांबली. ओला हात तसाच माझ्यावरच्या तिच्या चेहऱ्यावर ठेवून बराच वेळ उभी राहिली.

पुढच्या आठवड्यात ती वुकाशिनला घेऊन आली. मागोमाग तिचा मुलगा तिहोमिरही धापा टाकत पोहोचला.

"एकोणीस खोडून वीस करायचं, एवढंच ना?" वुकाशिनने विचारले.

"नाही. माझी बाजू सगळी तासून काढ. नाव, साल, तोंड, काही ठेवू नकोस."

वुकाशिनचा चेहरा पडला. "अगं, माझ्या हातचं सगळ्यात चांगलं काम आहे ते. आणि दगडात शीर आहे, आतून गेलेली बारीक रेघ. दणका जास्त बसला तर मिलुनसकट दुभंगेल."

तिहोमिर मध्ये आला. "आई, तुला बाबांशेजारी झोपायचं नाही का?"

"झोपायचंय रे राजा. त्याच्याशेजारीच झोपायचंय. पण झोपेन तेव्हा. सव्वीस वर्षं ही बाई इथं माझ्या नावानं रडतेय, आणि अख्खं गाव मला सांगतं की तीच खरी. तो एक दिवस होता माझा. सगळी मी नाही ती." मग ती वुकाशिनकडे वळली. "हळू मार. पण मार."

पहिला घाव बसला आणि मी घाबरून गेलो. चार दिवस छिन्नी चालत होती. पहिल्याच दिवशी ओठ गेले. नजर गेली, काळा रुमाल गेला, आणि माझा तोराही भुकटी होऊन गवतात पडला. शीर मात्र फुटली नाही. शेवटच्या दिवशी विदोसावाने माझ्या कोऱ्या अंगावर गाल टेकवला. तेव्हा मी ठरवले, आता हिच्याविषयी आपण होऊन काही म्हणायचे नाही. थांबायचे.

तेरा वर्षे मी अर्धा कोरा उभा होतो. ये-जा करणारे हसायचे, पेरुनिका तोंड फिरवायची. मी हललो नाही. विदोसावा दर शनिवारी यायची, गुडघे दुखू लागल्यावर काठी टेकत यायची.

२०१३ च्या उन्हाळ्यात ती गेली. चाळीस दिवसांनी तिहोमिर आणि म्हातारा वुकाशिन माझ्यापाशी आले. तिहोमिरने बाकावर फोटो मांडले. एकाही फोटोत ती गप्प नव्हती. कुठे मधाच्या पोळ्यांपाशी कुणाला काही समजावत होती, कुठे ट्रॅक्टरवरून ओरडत होती, एकात तर फोटो काढणाऱ्यालाच झापत होती.

"ओठ मी मिटवून घेतो," वुकाशिन म्हणाला. "दगडावर तसंच बरं दिसतं."

तिहोमिरने डोळे पुसले. "नको काका. बोलू दे तिला."

मित्रांनो, या सबंध कबरस्तानात उघड्या तोंडाचा दगड मी एकटाच आहे. आता माझे एवढे ऐका. चालत्याबोलत्या माणसाचा एखादा दिवस धरून त्याच्यावर कायमचे काही कोरू नका, तो अजून घडतो आहे. आणि कधी टेकडीवर आलात तर मला धुऊन काढा. पानगळीत वाऱ्याने माती उडते आणि तिच्या ओठांत बसते. ती आधी काढा. तिचे बोलणे अजून संपलेले नाही.