दृष्टीगुरूंचा सूर्योदय

"दिसतंय! अहो, मला दिसतंय!"

तिसऱ्या रांगेतली म्हातारी हातातलं कार्ड उंच धरून ओरडली आणि सगळं सभागृह उठून उभं राहिलं. टाळ्या, हुंदके, कोणी शेजारच्या अनोळखी माणसाच्याच गळ्यात पडलेलं. तासाभरापूर्वी ह्याच कार्डावरच्या चार ओळी कुणालाच धड वाचता आल्या नव्हत्या. आता जो तो त्या मोठमोठ्याने वाचत सुटला होता. मंचावर पांढऱ्याशुभ्र कपड्यांतले दृष्टीगुरू डोळे मिटून मंद हसत होते, जणू ह्यात आपला काही हातच नाही.

"मी काय केलं? काही नाही," ते माइकमध्ये कुजबुजले. कुजबुजसुद्धा शेवटच्या रांगेपर्यंत पोचेल अशी चोख व्यवस्था होती. "पडदा तुमच्या मनावर होता, मी बाजूला केला. लोक म्हणतात, माणूस डोळ्यांनी बघतो. मग मढ्याला डोळे असून का दिसत नाही?"

ह्या प्रश्नाने निरुत्तर होऊन लोकांनी माना डोलावल्या.

"आणि तुमचे ते औषधाचे थेंब! थेंबाथेंबाने कधी समुद्र भरलाय?"

समुद्र भरतो तो थेंबांनीच. पण हे सुचायला माणसाला जरा शांत बसावं लागतं, आणि तिथे शांत बसू देतंय कोण! सेविका टोपल्या घेऊन रांगांमधून फिरू लागल्या. चष्मे आणि औषधाच्या बाटल्या त्यांत धडाधड पडू लागल्या.

शेवटच्या रांगेतले एक गृहस्थ मात्र छताकडे बघत बसले होते.

त्यांना दादा म्हणत. म्हणजे, म्हणायचे. टेलिव्हिजनच्या स्टुडिओत ते दिवे उचलायला म्हणून शिरले आणि लाइटिंग डायरेक्टर होऊन निवृत्त झाले. बातम्या देणाऱ्यांच्या डोळ्यांखालची काळी वर्तुळं त्यांनी उजेडाने पुसली, पुठ्ठ्याच्या खिडकीतून दुपारचं ऊन आणलं, साठीच्या नटीला चाळिशीची केलं. पुढे बायको गेली, मुलगी संसाराला लांब गेली. दादांनी उजेड पाडावा असा घरात एकच चेहरा उरला, आरशातला. त्याच्यासाठी कोण दिवा लावतो? पुष्कळदा संध्याकाळी ते अंधारातच बसून राहत. दूधवाल्याशी झालेली दोन वाक्यं, एवढंच काय ते दिवसभरातलं बोलणं.

थोरली बहीण शहराच्या दुसऱ्या टोकाला राहायची. तीही एकटीच. तिला काचबिंदू होता. आठवड्यापूर्वी तिचा फोन आला. "अरे, मला वाचता यायला लागलंय! थेंब दिले टाकून. तूही चल एकदा सभेला." काचबिंदूत गेलेली नजर परत येत नाही, हे डॉक्टरीणबाईंनी दोघांनाही समोर बसवून सांगितलं होतं. थेंब होते ते उरलेली टिकवायला.

म्हणून ते आले होते. ताई पहिल्या रांगेत होती. दादांना माइकच्या दांडीची सावली दिसत होती. सुरुवातीला जमिनीवर ती जेमतेम होती, कुणीतरी ओल्या फडक्याने पुसल्यासारखी. आता शाईने ओढावी तशी काळीकुळकुळीत पडली होती. दादांनी कोटाच्या खिशातून उजेड मोजायचा जुना मीटर काढला. आल्याआल्या निव्वळ सवयीने त्यांनी तो धरून पाहिला होता, तेव्हा काटा जागचा हलायला तयार नव्हता. आता तो पार पलीकडे जाऊन टेकला.

म्हणजे तासभर डोळे मिटून, जप करून, डोळे उघडून, पुन्हा मिटून लोक बसले होते आणि तेवढ्या वेळात कोणीतरी दिवे चढवत नेले होते. तेही इतकं हळू की एकालाही पत्ता लागला नाही. हा हात दादांच्या ओळखीचा होता. मालिकेत आजारी माणसाच्या उशाशी कोणी रात्रभर बसलेलं असलं आणि बोलता बोलता उजाडायचं असलं, की दादा उजेड कमीजास्त करायची डिमरची कळ अशी सरकवायचे. स्टुडिओत त्याला 'दादांचा सूर्योदय' म्हणत. आणि तो त्यांनी एकाच माणसाला शिकवला होता.

गर्दी ओसरल्यावर ते सभागृहामागच्या खोलीत गेले. डिमरच्या फळीमागे तोच, त्यांचा जुना मदतनीस पाकोळी बसला होता. छताच्या पाइपांवर पाखरासारखा चढायचा, म्हणून हे नाव. आता केस पिकले होते, पोट सुटलं होतं. दादांना बघून तो ताडकन उभा राहिला.

"दादा! तुम्ही इथे?"

"हात सुरेख बसलाय तुझा," दादा म्हणाले. "पण बाहेर लोक औषधं फेकतायत रे."

पाकोळीने मान खाली घातली. "मला सांगितलं, भक्तीचा कार्यक्रम आहे, हळूहळू उजेड करायचा. टोपल्या नंतर आल्या."

"आल्या तेव्हा निघून जायचंस."

"कुठे? स्टुडिओला कुलूप लागलं. दोन वर्षं घरात बसून होतो. कुणी विचारलं नाही, दादा. तुम्हीसुद्धा नाही."

दादा दारापर्यंत गेले आणि हळूच म्हणाले, "पहिल्या रांगेत निळ्या साडीत बसते ना, ती माझी ताई आहे." आणि निघाले.

घरी जाताना त्यांनी ताईला सगळं समजावलं. सावली, मीटर, कळ. ती ऐकेना.

"तुला सगळीकडे दिवेच दिसतात. मी वाचलं की नाही? ह्या डोळ्यांनी वाचलं!"

"उजेडात वाचलंस, ताई. घरी वाचता येतं का?"

"घरी!" ती रस्त्यातच थांबली. "घरी काय आहे रे? चार भिंती. तिथे सभेत शेजारची बाई माझा हात धरून बसते. मी आले नाही तर विचारते. तू किती वेळा आलास वर्षात?"

दादांनी तिला दारापर्यंत सोडलं.

पुढच्या सभेला दादा तिच्या शेजारीच बसले. पुन्हा मिणमिणता उजेड, पुन्हा कार्डं, पुन्हा जप. हळूहळू, कुणाच्या नकळत, उजाडलं. "वाचा!" गुरू म्हणाले, आणि सभागृह वाचू लागलं. ताईसुद्धा वाचत होती, लहान मुलीसारखी, एकेका शब्दावर बोट ठेवून.

दादा उठले. "गुरुजी, सगळ्यांना दिसतंय, फार छान झालं. आता एकच विनंती. सभा सुरू झाली तेव्हा होता तेवढाच उजेड ठेवा, आणि पुन्हा वाचायला सांगा."

गुरूंचं हसू क्षणभर अडखळलं. "बाळा, तू बाहेरचा उजेड बघतोस. मी आतल्या उजेडाबद्दल बोलतोय."

"मग बाहेरचा कमी केल्याने आतल्याचं काय बिघडणार आहे?"

कोणीतरी फिस्सकन हसलं. "खाली बसा!" दुसरा ओरडला. सेवक दादांच्या दिशेने निघाले. दादांनी मागे वळून, स्टुडिओत वरच्या पाइपांपर्यंत पोचायचा तो आवाज लावला.

"पाकोळी! उतरव!"

काही झालं नाही. सेवकाने दादांचा दंड धरला. आणि मग दिवे उतरले. झपकन नाही, सगळ्यांना दिसेल असे, सावकाश. वाचणारे आवाज एकेक करून अडखळले, थांबले.

"चढव!"

उजेड आला. अक्षरं आली.

"उतरव!"

अक्षरं गेली.

"दिवे वर करा!" गुरू किंचाळले. ह्या खेपेला कुजबुजायचं ते विसरले होते. "कोण आहे रे तिकडे? वर करा म्हणतो ना!"

"केले तरी आता काय उपयोग?" मागून पाकोळीचा आवाज आला. "सगळ्यांनी बघितलं."

त्या अंधुकात ताई कार्ड नाकाशी धरून बसली होती. "गेलं," ती म्हणाली. "अरे, परत गेलं."

दादा तिच्याजवळ खाली बसले. "गेलं नाही, ताई. ते आलंच नव्हतं."

बाहेर पडताना काही लोक टोपल्यांत आपापल्या बाटल्या शोधत होते. काहींनी दादांना शिव्या दिल्या. एक म्हातारा म्हणाला, "आमचं एवढंच होतं, तेही घेतलंत." दादांना ते शिव्यांपेक्षा जास्त लागलं.

डॉक्टरीणबाईंनी ताईचे डोळे तपासले. थेंब बंद होते तेवढ्यात डोळ्यांतला दाब वाढला होता आणि डाव्या डोळ्याची कडेची नजर आणखी थोडी गेली होती. ती आता येणार नव्हती. "उरलेलं सांभाळू," बाई म्हणाल्या.

ताई बरेच दिवस दादांशी बोलली नाही. तरी ते रोज संध्याकाळी जात, बस बदलून. ती दार उघडायची, मान मागे करून खुर्चीत बसायची, ते थेंब टाकायचे आणि निघायचे. एकदा थेंब गालावर ओघळला.

"वेंधळा आहेस," ती म्हणाली. मग थोड्या वेळाने, "चहा टाकतेय. बस."

पाकोळीला एका शाळेच्या नाट्यगृहात काम मिळालं. तो अधूनमधून दादांना फोन करतो. दृष्टीगुरू दुसऱ्या शहरात आहेत म्हणे, आणि तिथे गर्दी चांगली होते.

तुमच्या शहरात ते आले, तर दादांवर विश्वास ठेवू नका. घरीच करून बघा. बारीक अक्षरांचा कागद घ्या, संध्याकाळी दिवा न लावता वाचा, मग दिवा लावून वाचा. उजेड वाढला की डोळ्याची बाहुली लहान होते आणि अक्षर रेखीव दिसतं. ह्यात गुरू नाही, कृपा नाही, डोळाही बरा झालेला नाही. आणि उजेड हळू वाढला तर डोळ्याला कळत नाही, कारण डोळा मोजत नाही, तो जुळवून घेतो. चमत्कार दाखवणाऱ्याला एवढंच म्हणा, की हाच प्रयोग भर दुपारी, खिडक्या उघड्या ठेवून करा. तो तयार होईपर्यंत डॉक्टरांनी दिलेले थेंब चुकवू नका. आणि शेजारी कोणी एकटं राहत असेल, तर त्याचा हात धरायला कुणा गुरूची वाट बघू नका.