आडवं पडलं की बरं

मी बायकांचे कपडे शिवते आणि दुकानामागच्या खोलीत एकटीच राहते. कुणापुढे कण्हत बसायचा माझा स्वभाव नाही. तोच मला नडला.

कापडाचा तागा वरच्या फळीवर चढवताना पाठीत चटकन काहीतरी तुटल्यासारखं झालं. तेव्हापासून उभी राहिले की डोकं मागून ठणकायचं, मान आखडायची, कानात घूं घूं व्हायचं. आडवी पडले की थोड्या वेळात सगळं गायब. मग मी युक्ती काढली. गिऱ्हाईक यायच्या आधी कटिंगच्या टेबलावर पडायचं आणि बेल वाजली की हसतमुखाने उठायचं. ताईचा फोनही पडूनच घ्यायचे. आवाज खणखणीत. तुला काय धाड भरलीय, असं ती म्हणायची. फोन ठेवल्यावर मी रडायचे.

डॉक्टरकडेही तोच शहाणपणा. बाहेरच्या बाकावर पडून ताजीतवानी व्हायचे, मग आत जायचे. ते टेबलावर झोपवून तपासायचे. ताण आहे, माणसांत मिसळा, म्हणाले. माणसं काय मीटरवर मिळतात?

दुसऱ्या डॉक्टरीणबाईंनी कधी दुखतं ते विचारलं आणि मला खिडकीपाशी नुसतं उभं राहायला सांगितलं. बाहेर पेशंट ताटकळले होते, तरी त्याही शेजारी उभ्या राहिल्या. माझ्यासाठी कुणी असं थांबून किती काळ लोटला होता! हळूहळू मानेतून कळ वर चढली. मी तोंड फिरवलं.

"लपवू नका. हेच बघायचं होतं मला," त्या म्हणाल्या.

मेंदू आणि मज्जारज्जूभोवती पाणी असतं. तागा उचलताना त्याच्या आवरणाला चीर पडली असावी, पाणी झिरपत असेल, म्हणून उभं राहिलं की मेंदू खाली ओढला जातो, असं त्यांनी समजावलं. एमआरआयमध्ये ते पक्कं झालं. आता माझ्याच हातातलं रक्त काढून पाठीत सोडणार होते, चीर बुजवायला. नंतर काही दिवस वाकायचं नाही, काही उचलायचं नाही.

"घरी कोण असतं?"

"शिलाई मशीन."

त्या हसल्या नाहीत.

घरी येऊन सवयीने टेबलावर पडले, ताईचा नंबर काढला. मग उठले. दुखणं पुरतं चढेपर्यंत उभी राहिले आणि मगच फोन लावला.

"ताई," म्हणाले, आणि आवाज फुटला. मग अडखळत सगळं सांगितलं, टेबलावरच्या युक्तीसकट.

पलीकडे कपाट उघडल्याचा आवाज आला.

"दाराची कडी काढून ठेव आणि आडवी हो," ती म्हणाली. "मी निघाले."